विश्लेषण : १३ विजयांनंतर १० पराभव… फ्लोरिडा स्टेटचा फुटबॉल संघ एका वर्षात कसा कोसळला?

अमेरिकेतील फ्लोरिडा स्टेट विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने २०२३ मध्ये सलग १३ सामने जिंकले. पुढच्या मोसमात हाच संघ १२ पैकी १० सामने हरला. प्रशिक्षक तेच, जर्सी तीच. उलट मधल्या काळात प्रशिक्षकांना वर्षाला सरासरी एक कोटी डॉलरहून अधिक, म्हणजे ८० कोटी रुपयांवर मानधनाचा आठ वर्षांचा करार मिळाला होता. मग बिघडले कुठे? आणि इतके पराभव होऊनही प्रशिक्षक टिकले कसे?

आधी हे फुटबॉल कोणते?

मेसी-रोनाल्डोचे नव्हे. लंबगोल चेंडू, हेल्मेट आणि खांद्यावर चिलखत घालून खेळायचे ते अमेरिकन फुटबॉल. तुमच्या ओळखीतले कोणी तिकडे एमएस करत असेल तर विचारून पाहा, मोसमातल्या शनिवारी विद्यापीठाचे गाव कसे ओसंडून वाहते! साखळीत एका संघाला साधारण १२च सामने मिळतात. आयपीएलसारखे ‘पहिले चार हरलो, नंतर सावरू’ इथे चालत नाही. सहा विजय मिळाले तरच मोसमाअखेरच्या ‘बोल’ सामन्यांसाठी पात्रता मिळते.

पराभवांची मालिका कशी सुरू झाली?

मोसमाआधीच्या क्रमवारीत फ्लोरिडा स्टेट देशात दहाव्या स्थानी होता. पहिला सामना २४ ऑगस्ट २०२४ रोजी थेट आयर्लंडमध्ये, डब्लिनला झाला. जॉर्जिया टेकने अगदी शेवटच्या क्षणी ४४ यार्डांवरून चेंडू गोलखांबांमधून मारला आणि सामना २४-२१ असा जिंकला. तेव्हा हा अपघात वाटला. मग बोस्टन कॉलेजने १३-२८ आणि मेम्फिसने १२-२० असे हरवले. कॅलिफोर्नियावर १४-९ असा निसटता विजय मिळाला, पण त्यानंतर सलग सहा पराभव. त्यातला शेवटचा नोत्र दामकडून, ३-५२ असा.

डब्लिनमधले २१ गुण हीच या संघाची अव्वल श्रेणीतील प्रतिस्पर्ध्यांविरुद्धची मोसमातली सर्वोच्च धावसंख्या ठरली (धावसंख्या हा शब्द इथे क्रिकेटकडून उसना). त्यानंतर अशा एकाही संघाविरुद्ध त्यांना १६ च्या वर जाता आले नाही. दुसरा विजय मिळाला तो खालच्या श्रेणीतील चार्ल्सटन सदर्नविरुद्ध, ४१-७. दोन किंवा त्याहून कमी विजयांचा मोसम फ्लोरिडा स्टेटने याआधी पाहिला होता तो १९७४ मध्ये.

खेळाडू गेले कुठे?

खरे उत्तर इथे आहे. २०२३ च्या संघातील दहा खेळाडू एप्रिल २०२४ च्या निवड प्रक्रियेतून व्यावसायिक लीग एनएफएलमध्ये गेले. त्यात बचावपटू जॅरेड व्हर्स, चेंडू झेलणारा कीऑन कोलमन आणि संघाचा मेंदू असलेला क्वार्टरबॅक जॉर्डन ट्रॅव्हिस होते.

आता गंमत पाहा. हे तिघेही मुळात फ्लोरिडा स्टेटचे नव्हतेच. व्हर्स आल्बनीहून, कोलमन मिशिगन स्टेटहून आणि ट्रॅव्हिस लुईव्हिलहून आला होता. पूर्वी विद्यापीठ बदलणाऱ्या खेळाडूला साधारण एक वर्ष बाहेर बसावे लागे. २०२१ मध्ये ही अट एका बदलीपुरती शिथिल झाली, २०२४ मध्ये जवळपास निघूनच गेली. त्याच २०२१ पासून खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिराती आणि देणगीदारांच्या गटांकडून पैसे घेण्याचीही मुभा मिळाली. म्हणजे दर हिवाळ्यात अख्खा बाजार खुला. आयपीएलचा महालिलाव निदान दरवर्षी नसतो, इथे तो दरवर्षी असतो आणि खेळाडू राखून ठेवण्याची खात्रीही नसते.

१३ विजय याच बाजारातून आले होते. २०२४ साठीही फ्लोरिडा स्टेटने तोच मार्ग धरला. अलाबामा, जॉर्जिया, एलएसयू अशा बड्या संघांतून खेळाडू आणले. क्वार्टरबॅक म्हणून आला डीजे उइआंगलेले. क्लेमसन, ऑरेगन स्टेट आणि आता फ्लोरिडा स्टेट, हे त्याचे तिसरे विद्यापीठ. पाचव्या सामन्यात त्याच्या हाताला दुखापत झाली आणि मग दोन अननुभवी तरुणांवर भार पडला. पण फक्त दुखापतीला दोष देणे पटत नाही, कारण तो खेळत असतानाच तीन सामने गेले होते. घाऊक आणलेला संघ जमला तर १३-०, नाही जमला तर आधाराला खालून घडवत आणलेली फळी नसते.

मग प्रशिक्षकांना का काढले नाही?

माइक नॉर्व्हेल यांचा करार झाला जानेवारी २०२४ मध्ये. अलाबामाचे दिग्गज प्रशिक्षक निक सेबन निवृत्त झाले होते आणि त्यांच्या जागी नॉर्व्हेल यांचे नाव चर्चेत होते. ते जाऊ नयेत म्हणून विद्यापीठाने घाईने २०३१ पर्यंतचा करार केला. अशा करारांत मुदतीआधी काढल्यास उरलेल्या मानधनाचा मोठा भाग द्यावा लागतो. त्याला ‘बायआउट’ म्हणतात. नॉर्व्हेल यांच्याबाबतीत ही रक्कम सहा कोटी डॉलरहून अधिक, म्हणजे ५०० कोटी रुपयांच्या पुढे होती. ती न खेळण्यासाठी द्यायची, आणि नव्या प्रशिक्षकाचे पैसे वेगळे!

थोडक्यात, खेळाडू एका वर्षासाठी आणि प्रशिक्षक आठ वर्षांसाठी. एका सुंदर मोसमाच्या भावात पुढची आठ वर्षे विकत घेतली गेली, तीही तो मोसम घडवणारे खेळाडू निघून जात असताना. माझ्या मते मैदानावरच्या पराभवांपेक्षा हा हिशेब जास्त चुकला.

मग गाज पडली ती सहायकांवर. नोत्र दामविरुद्धच्या पराभवानंतर आक्रमण आणि बचाव या दोन्ही विभागांच्या समन्वयकांना नारळ मिळाला. नॉर्व्हेल यांनी आपल्या मानधनातले ४५ लाख डॉलर विद्यापीठाच्या निधी उभारणी मोहिमेसाठी सोडले.

पुढे काय झाले?

ऑगस्ट २०२५ मध्ये याच संघाने सलामीला अलाबामाला ३१-१७ असे हरवले आणि टॅलाहासीत जल्लोष झाला. पण मोसम संपला तो ५ विजय, ७ पराभवांवर. म्हणजे ‘बोल’ पुन्हा हुकला. दरम्यान, जुलै २०२५ पासून विद्यापीठे खेळाडूंना थेट पैसे देऊ लागली असून पहिल्या वर्षी त्याची मर्यादा विद्यापीठामागे सुमारे २.०५ कोटी डॉलर ठेवण्यात आली. हा खर्च सगळ्या खेळांतील खेळाडूंसाठी मिळून आहे. नॉर्व्हेल यांना काढण्याची किंमत याच्या जवळपास तिप्पट होती. विद्यापीठाने त्यांना २०२६ साठीही कायम ठेवले.