पुरस्काराचं नाव बदलतं तेव्हा

अमेरिकेतल्या अडल्ट सिनेमात ट्रान्स कलाकार दशकानुदशकं काम करत आले, पण ओळख मिळाली ती शिवीवजा लेबलांखाली. व्हिडिओच्या वेष्टनावर त्यांचं नाव बारीक आणि लेबल ठळक!

2007 साली बक एंजेल या ट्रान्स पुरुषाने या व्यवसायातला मोठा मानला जाणारा एव्हीएन पुरस्कार जिंकला. ट्रान्स कलाकारांच्या विभागात पुरुष विजेता पहिल्यांदाच! तोवर या बाजारात ‘ट्रान्स’ म्हणजे स्त्रीच, असं गृहीतच धरलेलं.

2008 मध्ये ट्रान्स कलाकारांसाठी वेगळे पुरस्कार सुरू झाले. गंमत म्हणजे त्यांच्या नावातही तसलीच एक शिवी होती! आक्षेप वाढले आणि 2014 मध्ये नाव बदलून ‘ट्रान्सजेंडर इरॉटिका अवॉर्ड्स’ झालं.

पाटी बदलली म्हणून सगळं बदलत नाही. पण सुरुवात तिथूनच होते, नाही का?

#ट्रान्सइतिहास #सिनेमा