वावरातून निघालेला चौकोन

वऱ्हाडातल्या शेंदूरजनाघाटात संत्र्याची कलमं करणाऱ्याला जमीन सगळीकडे सारखी नसते हे सांगावं लागत नाही. एकाच वावरात एका धुऱ्याकडे भारी काळी, दुसऱ्याकडे मुरूम. अशा ठिकाणी जंभेरी, रंगपूर लाईम आणि आणखी दोन खुंट, म्हणजे ज्यांवर कलम बांधतात ती झाडं, पारखायचे तर झाड खुंटाच्या गुणानं वाढलं की मातीच्या जोरावर, हे ओळखायचं कसं?

हाच पेच 1919 साली रॉथमस्टेडच्या शेती संशोधन केंद्रात रुजू झालेल्या रोनाल्ड फिशर या इंग्रज गणितज्ञापुढे होता. त्यांनी वावराचे चौकोनी तुकडे पाडले आणि प्रत्येक खुंट, खत किंवा बियाणं प्रत्येक आडव्या ओळीत एकदा व प्रत्येक उभ्या ओळीत एकदाच येईल, अशी मांडणी शेतीच्या प्रयोगांत रूढ केली. मग भारी-हलक्या जमिनीचा वाटा सगळ्यांना सारखा मिळतो. हा लॅटिन चौकोन. 1935 साली प्रयोगांच्या आखणीवरचं त्यांचं पुस्तक आलं. त्यानंतर ते कलकत्त्याला आले आणि त्या भेटीमुळे राजचंद्र बोस हे गणितज्ञ या विषयाकडे वळले.

बोसांचे शिष्य शरदचंद्र शंकर श्रीखंडे. जन्म 1917, सागरचा. वऱ्हाड आणि सागर तेव्हा एकाच प्रांतात होते. नागपूरच्या सायन्स कॉलेजात शिकून ते अमेरिकेत चॅपेल हिलला गेले आणि 1950 साली तिथे डॉक्टरेट मिळवली.

त्यांच्यापुढचा प्रश्न फिशरांहून जुना होता. खुंटांच्या चौकोनावर खतांचा दुसरा चौकोन असा ठेवायचा, की खुंट आणि खत यांची प्रत्येक जोडी नेमकी एकदाच यावी. हा जोडचौकोन. 6, 10, 14, 18, 22 अशा आकारांत हे जमणारच नाही, असा गणितज्ञ लिओनार्ड ऑयलरचा 1782 सालचा अंदाज होता. सहाच्या बाबतीत तो बरोबर असल्याचं 1901 साली गॅस्टन टॅरी यांनी सिद्ध केलं. पुढच्या आकारांबद्दल मात्र कुणालाच सिद्धता सापडत नव्हती.

1959 साली बोस आणि श्रीखंडे यांनी 22 चा जोडचौकोन उभा केला: 484 घरं, एकही जोडी दुबार नाही. अर्नेस्ट पार्कर यांनी 10 चा मांडला. मग तिघांनी मिळून सहाच्या पुढचे सगळे आकार शक्य असल्याचं सिद्ध केलं. ती बातमी न्यूयॉर्क टाइम्सच्या पहिल्या पानावर झळकली आणि या तिघांना 'ऑयलरचा अंदाज मोडणारे' अशी ओळख मिळाली. पुढे श्रीखंडे मुंबई विद्यापीठाच्या गणित विभागाचे पहिले प्रमुख झाले. 21 एप्रिल 2020 रोजी, वयाच्या 102 व्या वर्षी ते गेले.

आपल्याकडच्या शाळांत गणितज्ञ कापरेकरांबरोबर हे नावही सांगायला हवं, आणि ते वावरापासूनच सांगावं. सहा खुंट आणि सहा खतं जोडचौकोनात बसत नाहीत. दहा खुंट आणि दहा खतं बसतात. जंभेरीला डोळा भरणाऱ्या बापाच्या मुलीला दहाचा मांडलेला जोडचौकोन कागदावर घरं आखून पडताळता येईल.