मुंबईची जामा मशीद: हौद आधी, मशीद नंतर

क्रॉफर्ड मार्केटजवळच्या जामा मशिदीत आपण हौदावर वजू करतो. पण हौद आधीचा आणि मशीद नंतरची, हे मुलांना क्वचितच सांगतो. इथे पूर्वी एक तलाव होता, एका कोकणी मुस्लिम कापड व्यापाऱ्याच्या मालकीचा. जागा देताना त्यांनी एकच अट घातली, असं सांगतात: तलाव बुजवायचा नाही. म्हणून तलाव तसाच ठेवून त्यावर मशीद बांधली; आज थेट पाण्यातून उभ्या असलेल्या काळ्या दगडाच्या १६ कमानी तिचा भार पेलतात. १७७५ मध्ये सुरू झालेलं काम १८०२ मध्ये पूर्ण झालं. झऱ्यांचं पाणी असलेल्या या हौदात मासेही आहेत. वजूतही इस्राफ नको, हे आपण मुलांना शिकवतोच. पुढच्या खेपेला त्यांना हौदाच्या पायऱ्यांवर नेऊ या, कमानी दाखवू या आणि ती अटही सांगू या.