शिट्टी घालणारे शिकारी

ताडोबाहून परतलेल्या एका वाचकाने विचारले आहे, ‘रानकुत्र्यांचा कळप वाघालाही पळवून लावतो, हे खरे का?’ कधी वाघ बाजूला होतो, कधी एखादे रानकुत्रे त्याच्या पंजाखाली संपते. पण मला याहून मोठे कोडे वाटते ते असे : एकाच जंगलात वाघ, बिबट्या आणि रानकुत्री या तिघांची पोटे भरतात कशी?

शिवकाशीच्या महाविद्यालयात प्राणिशास्त्र शिकवणारे ए. जे. टी. जॉनसिंग १९७६ मध्ये बंदीपूरच्या जंगलात उतरले, ते रानकुत्र्यांच्या मागावर. रेडिओ कॉलर नाही, स्वयंचलित कॅमेरे नाहीत. दोन वर्षे पायी हिंडायचे, शिकारीचे अवशेष पाहायचे, विष्ठा तपासून कोणता प्राणी खाल्ला ते ओळखायचे. मोठ्या सस्तन प्राण्याचा खुल्या जंगलात असा अभ्यास करणाऱ्या पहिल्या भारतीयांपैकी ते एक.

आणि प्राणी निवडला तो सगळ्यांत बदनाम! शिकारकथांतला क्रूरकर्मा, इंग्रजी अमलात त्याला मारणाऱ्यास बक्षीस मिळे. राग कशाचा, तर भक्ष्य जिवंत असतानाच रानकुत्री पोट फाडतात. पण पंधरा-एक किलोचे हे जनावर वाघासारखा गळा आवळणार कसे? याच ‘क्रूर’ कळपात शिकारीवर पहिला हक्क पिल्लांचा असतो. बिळाशी थांबलेल्या मादीला आणि पिल्लांना बाकीची रानकुत्री मांस ओकून भरवतात. दाट झाडीत पांगले, की शिट्टी घालून एकमेकांना हाक देतात.

तिघांची पोटे भरतात कशी, हे कोडे पुढे नागरहोळेच्या जंगलात वन्यजीव अभ्यासक उल्हास कारंथ आणि मेल सनक्विस्ट यांनी आकड्यांत सोडवले. वाघाचे भक्ष्य सरासरी ९१.५ किलोचे, रानकुत्र्यांचे ४३.४, बिबट्याचे ३७.६. वाघ गवा-सांबरावर राहतो. उरलेले दोघे वजनाने जवळ आले, तरी रानकुत्री दिवसाउजेडी धावून दमवतात आणि बिबट्या बहुधा रात्री दबा धरतो. म्हणजे तिघे एकत्र नांदायचे, तर चितळापासून गव्यापर्यंत सगळेच मुबलक हवे. नुसत्या वाघांच्या शिरगणतीवरून जंगलाची तब्येत जोखणे म्हणूनच मला अपुरे वाटते.

जॉनसिंग २०२४ मध्ये गेले. वाघावर कोट्यवधी खर्च होत असताना त्यांच्या रानकुत्र्यांना आजही पुरेसे लक्ष मिळत नाही, आणि हा अन्याय आहे. जगात प्रजननक्षम रानकुत्री ९४९ ते २,२१५ एवढीच असावीत, असा आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाचा अंदाज आहे. पिसाळ रोग आणि डिस्टेंपर गावकुत्र्यांकडून त्यांच्यापर्यंत पोहोचू शकतात. तुमचे गाव जंगलालगत असेल, तर या उन्हाळ्यात गावातल्या कुत्र्यांना लसी टोचून घ्या.