हंगामी किती वर्षे राहायचे?

डँडेनॉन्गच्या फॉस्टर स्ट्रीटवर डाळ-तांदूळ घ्यायला आलेली मराठी मंडळी भेटली की बोलणे नोकरीवर येतेच. इकडे कुणाच्या वहिनी कौन्सिलच्या कामावर 'कॅज्युअल' असतात, तिकडे कुणाचा पुतण्या जिल्हा परिषदेत कंत्राटी असतो. दोन्हीकडचे म्हणणे मात्र एकच: "इतकी वर्षे राबलो, आता आपोआप कायम करायला नको का?" हे 'आपोआप' दोन्ही देशांत खरे नाही, आणि त्याच्या भरवशावर राहून पुष्कळांचे नुकसान होते. म्हणून आज हा विषय घेत आहोत.

आधी मायदेशाची गोष्ट. कामगाराला कायमपणाचे फायदे मिळू नयेत या हेतूने त्याला वर्षानुवर्षे बदली किंवा तात्पुरता म्हणून ठेवणे, ही महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्याने 'अनुचित कामगार प्रथा' ठरवली. पुढे १० एप्रिल २००६ रोजी कर्नाटकातील उमादेवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी निकाल दिला, की केवळ बरीच वर्षे काम केले म्हणून सरकारी नोकरीत कायम होण्याचा हक्क मिळत नाही. सरकारी भरती सर्वांना समान संधी देऊनच झाली पाहिजे. मंजूर पदावर दहा वर्षे किंवा अधिक काम केलेल्यांसाठी, नेमणूक मुळातच बेकायदा नसेल तर, एकवेळची सवलत तेवढी ठेवली.

या निकालाने हजारो हंगामी नोकरांची आशा मावळली. पण २००९ साली एस.टी.च्या गाड्या धुणाऱ्या-झाडणाऱ्या कामगारांचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले, तेव्हा न्यायालयाने स्पष्ट केले, की १९७१ च्या कायद्याखाली औद्योगिक न्यायालयाला असलेले अधिकार उमादेवी निकालाने गेलेले नाहीत. त्या कामगारांना कायमपणा मिळाला. २० डिसेंबर २०२४ रोजी केंद्रीय जल आयोगात वर्षानुवर्षे सफाई करणाऱ्या स्त्रियांनाही न्यायालयाने नोकरीत परत घेऊन कायम करण्याचा आदेश दिला. या दोन्ही वेळी कामगारांनी दाद मागितली, म्हणून न्याय मिळाला, हे विसरू नये.

ऑस्ट्रेलियात वाट निराळी आहे. २६ ऑगस्ट २०२४ पासून 'कॅज्युअल' कोण हे केवळ करारातील शब्दावर ठरत नाही. प्रत्यक्ष काम कसे चालते तेही पाहिले जाते. दर आठवड्याला ठरलेले दिवस, ठरलेले तास आणि पुढेही काम मिळणार अशी पक्की हमी असेल, तर सहा महिन्यांनंतर आपण मालकाला लेखी कळवू शकतो, की मला कायम व्हायचे आहे. पंधरापेक्षा कमी माणसे असलेल्या जागी ही मुदत बारा महिन्यांची आहे. मालकाने २१ दिवसांत लेखी उत्तर दिले पाहिजे. तो नाकारू शकतो, पण त्यासाठी कायद्यात सांगितलेलेच कारण लागते. त्यांपैकी एक कारण सरकारी नोकरांनी नीट ध्यानात घ्यावे: कायद्याने ठरवून दिलेली भरतीची प्रक्रिया मोडत असेल, तर नकार देता येतो. म्हणजे उमादेवी खटल्यातला मुद्दा इथेही वेगळ्या वेषात उभा आहेच! शिवाय व्हिक्टोरियाने कामगारविषयक अधिकार केंद्राकडे सोपवताना सरकारी नेमणुकांबाबतच्या काही बाबी स्वतःकडे ठेवल्या आहेत. तेव्हा राज्य सरकारच्या खात्यात असणाऱ्यांनी अर्ज करण्याआधी युनियनला जरूर विचारावे.

हिशेबही आधी घरी मांडावा. कायम झाल्यावर कॅज्युअलला मिळणारा, बहुधा २५ टक्के, जादा पगार बंद होतो. त्याबदली पूर्णवेळ कामगाराला वर्षाला चार आठवडे भरपगारी रजा आणि आजारपणासाठी दहा दिवस मिळतात. ज्यांच्या घरी लहान मुले किंवा म्हातारे आई-वडील आहेत, त्यांना या दहा दिवसांची किंमत सांगायला नको.

आमच्या पाहण्यात पुष्कळजण 'साहेब नाराज होतील, तास कमी करतील' या भीतीने गप्प बसतात. हा हक्क टाळण्यासाठी तास कमी करणे किंवा कामावरून काढणे कायद्याने मना आहे. तंटा आधी कामाच्या जागीच मिटवण्याचा प्रयत्न करावा, न मिटल्यास फेअर वर्क कमिशनकडे जाता येते. आणखी एक: कायम नोकरी वेगळी आणि कायम वास्तव्याचा व्हिसा वेगळा. व्हिसा तात्पुरता आहे म्हणून कामावरचे हक्क तात्पुरते होत नाहीत.

तेव्हा रोस्टर आणि पगाराच्या पावत्या फेकू नका. तारीखवार जपून ठेवा. अर्ज तोंडी न करता लेखी करा, त्याची प्रत घरी ठेवा. आणि गावाकडच्या पुतण्यालाही फोनवर हेच सांगा: नेमणुकीचा आदेश, हजेरी, पगाराचा पुरावा जपून ठेव, आणि मुदत टळण्याआधी जाणत्या वकिलाला किंवा संघटनेला गाठ. नुसत्या वर्षांच्या मोजदादीने कुणी कायम होत नाही; मागावे लागते, आणि मागताना हातात कागद असावा लागतो.