ज्याची बॅट, त्याची बॅटिंग?

(द्वितीय वर्ष, कला)

गल्लीत क्रिकेट खेळलेल्या प्रत्येकाला एक अलिखित कायदा ठाऊक असतो : ज्याची बॅट, त्याची पहिली बॅटिंग. तो आऊट झाला तरी 'हा ट्राय बॉल होता' म्हणतो, आणि वाद फारच वाढला तर बॅट काखेत मारून घरी निघून जातो. खेळ तिथेच संपतो. हा कायदा मी लहानपणी पुष्कळ सोसला, कारण माझ्याकडे बॅट कधीच नव्हती. पुढे कॉलेजात आल्यावर एका निराळ्याच खेळात ही 'बॅट' माझ्या हाती आली, आणि मी नेमका तसाच वागलो. ती हकिगत, आणि तिच्या निमित्ताने जे शिकलो ते, सांगण्यासाठी हा लेखनप्रपंच.

हा खेळ म्हणजे संगणकावरचा 'काउंटर-स्ट्राइक'. बंदुकांचा खेळ म्हणताच गुरुजनांच्या कपाळावर आठी पडेल, याची मला कल्पना आहे. त्या खेळाची भलावण करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू नाही. मला सांगायचे आहे ते खेळ 'मांडण्याविषयी'. चारजणांनी एकत्र खेळायचे तर मैदान कोणी द्यायचे, नियम कोणी लिहायचे आणि निकाल कोणी द्यायचा, हे प्रश्न संगणकावरही सुटत नाहीत. उलट तिथे ते अधिक उघडे पडतात.

प्रथम खेळाची जन्मकथा पाहू. १९९३ साली 'डूम' नावाचा खेळ आला. त्याची चित्रे, आवाज आणि नकाशे मूळ प्रोग्रामपासून वेगळ्या फाइलीत ठेवलेले होते. त्यामुळे हौशी मुलांनी स्वतःचे नकाशे रचून त्यात घातले. अशा फेरफाराला 'मॉड' म्हणतात. जुन्या वाड्याचे जोते आणि भिंती तशाच ठेवून आत नवा संसार मांडावा, तसा हा प्रकार. १९९८ साली अमेरिकेतील व्हॉल्व्ह या कंपनीचा 'हाफ-लाइफ' हा खेळ आला. तो एका माणसाच्या साहसाची गोष्ट होता. कॅनडात शिकणारा मिन्ह ली आणि अमेरिकेत शिकणारा जेस क्लिफ या दोघा विद्यार्थ्यांनी त्याच वाड्यात दोन संघांचा सामना मांडला. त्याची पहिली चाचणी आवृत्ती जून १९९९ मध्ये लोकांना फुकट मिळाली. तो 'काउंटर-स्ट्राइक'. २००० साली व्हॉल्व्हने तो आपलासा करून विक्रीस आणला, आणि २००३ मध्ये '१.६' ही आवृत्ती आली. यानंतरही नव्या आवृत्त्या निघाल्या आणि २०२३ मध्ये 'काउंटर-स्ट्राइक २' आला. पण जुन्या, हळू संगणकावरही धावतो म्हणून आमच्यासारख्यांना १.६ च जवळचा. 'डस्ट २' हा त्यातला प्रसिद्ध नकाशा डेव्ह जॉन्स्टन या इंग्लंडमधल्या तरुणाने रचला. म्हणजे हा सगळा खेळ हौशी खेळणाऱ्यांनीच उभा केलेला आहे, आणि ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

खेळ साधा आहे. एक संघ बॉम्ब लावू पाहतो, दुसरा त्याला रोखतो. जो मेला तो ती फेरी संपेपर्यंत बाहेर बसून पाहतो. आपल्या आट्यापाट्यांत किंवा कबड्डीत बाद झालेला गडी बसतो, तसाच. आता मुद्दा असा की, सहाजण सहा संगणकांवर बसलेले असताना कोण मेला हे ठरवतो कोण? ते ठरवणाऱ्या संगणकाला 'सर्व्हर' म्हणतात. तो पंच, गुणलेखक आणि मैदान असे तिन्ही असतो. खेळाडूचा संगणक त्याला फक्त एवढेच कळवतो की, मी इकडे वळलो, हे बटण दाबले. गोळी लागली की नाही, हा निकाल सर्व्हरचा, आणि तो सर्वांना बंधनकारक.

सामना भरवण्याचे दोन मार्ग आहेत. पहिला सोपा : खेळणाऱ्यांपैकी एकाने आपल्याच संगणकावर सामना उघडायचा आणि त्यातच खेळायचे. दुसरा मार्ग स्वतंत्र सर्व्हरचा : एक संगणक बाजूला ठेवायचा, त्यावर कोणीच खेळायचे नाही. मी अर्थात पहिला मार्ग धरला.

आमच्या खोलीच्या खाली ऑनलाइन फॉर्म भरून देण्याचे दुकान आहे. शिष्यवृत्ती, परीक्षा, दाखले यांचे अर्ज मी तिथे दुपारी भरतो आणि त्यावर माझा मेसचा खर्च भागतो. शनिवारी रात्री दुकानाचे दादा शटर अर्धे ओढून आम्हां सहाजणांना खेळू देतात. माझे टेबल राउटरला वायरने जोडलेले. बाकीचे पाचजण जुने लॅपटॉप घेऊन वायफायवर. सामना माझ्या संगणकावर, नियम माझे, आणि पहिला नंबरही बहुतेक वेळा माझाच. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. कुठल्याही गोष्टीत पहिला येण्याची सवय नव्हती, म्हणून ते फार गोड लागले.

खोलीतला माझा मित्र एकदा म्हणाला, "तू यजमान आहेस म्हणून जिंकतोस." मी चिडलो. पुढच्याच शनिवारी त्याने मला एकाच दरवाजाआड लागोपाठ तीनदा टिपले. गुण त्यांचे चौदा, आमचे अकरा. मी काही न बोलता खेळ बंद केला. यजमानाने खेळ बंद केला की सर्व्हरही बंद होतो. पाचही जणांचा सामना एका क्षणात नाहीसा झाला. "मशीन हँग झालं," मी म्हणालो. मित्राने दप्तर उचलले. "बॅट घेऊन घरी गेलास ना?" एवढेच म्हणाला, आणि पुढचे तीन शनिवार आला नाही. आम्ही एकाच खोलीत राहत होतो आणि बोलत नव्हतो.

त्याच सुमारास गावच्या यात्रेसाठी घरी गेलो. यात्रेतल्या कबड्डीचे मैदान दरवर्षी माझे वडील आखतात. फक्कीची पाटी हातात धरून मी त्यांच्यामागे चाललो होतो. बोलता बोलता सर्व सांगून टाकले. संगणक त्यांनी कधी हाताळलेला नाही, पण त्यांना समजायला क्षणही लागला नाही. "म्हंजी रेघा बी तूच मारतो, शिट्टी बी तुझ्याच तोंडात, आन् चढाईला बी तूच?" मी गप्प. ते पुढे म्हणाले, "रेघ मारणाऱ्याला खेळायचं असंल तर शिट्टी दुसऱ्याकडं द्यावी, बाबा."

परत आल्यावर मी मित्राच्या आरोपाचा अभ्यास केला, आणि तो खरा निघाला. खेळाडूच्या संगणकापासून सर्व्हरपर्यंत निरोप जाऊन परत येण्यास जो वेळ लागतो त्याला 'पिंग' किंवा 'लेटन्सी' म्हणतात. तो मिलिसेकंदांत, म्हणजे सेकंदाच्या हजाराव्या भागांत मोजतात. टॅब हे बटण दाबले की गुणफलकावर प्रत्येकाच्या नावापुढे तो आकडा दिसतो. इतरांच्या नावापुढे साठ-सत्तर असत, वायफाय कुरकुरला की शंभरावर जात. माझा आकडा मात्र किरकोळ, कारण माझा निरोप कुठे जायचाच नव्हता; पंच माझ्याच पेटीत बसलेला! ते मला किंचित जुन्या जागी पाहत, मी त्यांना ताज्या जागी पाहत असे. या खेळात त्यावर एक तोड आहे : सर्व्हर सर्वांच्या मागील काही क्षणांच्या जागा लक्षात ठेवतो आणि गोळी झाडणाऱ्याच्या पिंगइतका काळ मागे जाऊन नेम तपासतो. त्याने अन्याय कमी होतो, संपत नाही. कोपऱ्यावरून दोघे एकदम पुढे आले तर यजमानाला दुसरा आधी दिसतो तो दिसतोच.

तेव्हा दुसरा मार्ग धरला. दुकानात एक जुना संगणक धूळ खात पडला होता. 'हाफ-लाइफ'चा स्वतंत्र सर्व्हर चालवण्याचा प्रोग्राम फुकट मिळतो आणि त्याला भारी यंत्र लागत नाही. ज्या मित्रांना हे करावयाचे असेल त्यांच्यासाठी क्रम सांगतो. सर्व्हरच्या संगणकाला राउटरवर कायमचा पत्ता नेमून द्यावा, नाहीतर तो पत्ता बदलतो आणि खेळाडू जुन्या पत्त्यावर दार ठोठावीत बसतात. फायरवॉलमध्ये या प्रोग्रामला परवानगी द्यावी. तो सहसा २७०१५ क्रमांकाच्या दारातून, म्हणजे पोर्टमधून बोलतो. सामना घरातल्या घरात असेल तर 'एसव्ही लॅन' ही किल्ली १ वर ठेवावी. खेळाडूने आपल्या खेळात 'कन्सोल' उघडून 'कनेक्ट' असे लिहावे व पुढे तो पत्ता द्यावा. नवा नकाशा घालायचा असेल तर तो पेनड्राइव्हने सर्वांना आधीच वाटावा. सामन्याच्या वेळी सर्व्हरकडून उतरवून घेण्यात फार वेळ जातो. सर्वांची एकच आवृत्ती हवी, आणि खेळाची प्रत ज्याची त्याने विकत घेतलेली असावी, हे वेगळे सांगणे नलगे.

वायफायवाल्यांचा वेळ त्याने कमी झाला नाही. पण आता मीही वायर काढून वायफायवर बसलो. सर्वांना सारखाच उशीर, हीही एक समता.

मग नियम. ते 'सर्व्हर डॉट सीएफजी' नावाच्या साध्या मजकुराच्या फाइलीत एकेका ओळीत लिहिलेले असतात. फेरी किती मिनिटांची, सुरुवातीला हत्यारांसाठी पैसे किती (नेहमीचे ८००), फेरीआधी जागेवर थांबायचे किती सेकंद, बॉम्ब किती सेकंदांनी फुटणार, हे सर्व तिथे ठरते. स्पर्धांमध्ये फेरी पावणेदोन मिनिटांची आणि बॉम्ब ३५ सेकंदांचा ठेवण्याचा प्रघात पडला. १५ फेऱ्यांनंतर बाजू बदलायची आणि आधी १६ फेऱ्या जिंकेल तो विजयी. आपल्याच गड्याला आपली गोळी लागावी की नाही, हेही एका ओळीत ठरते. सराव खेळात ती लागत नाही, स्पर्धेत लागते. ही एक ओळ बदलली की खेळाचा स्वभावच बदलतो. आंधळेपणाने गोळ्या झाडणारा सांभाळून वागू लागतो, कारण समोर आपला माणूस असू शकतो. बाजू कोणी निवडायची यासाठी आधी फक्त चाकूंची एक फेरी होते, ती गुणांत धरत नाहीत. नंतर सामना तीनदा नव्याने सुरू करून मगच खरा समजायचा, अशीही रीत आहे. या रीती कोणत्या कंपनीने घालून दिल्या नाहीत. खेळता खेळता खेळणाऱ्यांनीच पाडल्या.

याहून मोठे फेरफार करणारेही आहेत. 'मेटामॉड' आणि 'एएमएक्स मॉड एक्स' ही साधने सर्व्हरवर बसवली की त्यांत हौशी लोकांनी लिहिलेले छोटे प्रोग्राम घालता येतात. एकात प्रत्येक बळीमागे हत्यार बदलते. दुसऱ्यात चक्क लपाछपी असते. एका संघाने लपायचे, दुसऱ्याने चाकू घेऊन शोधायचे, बंदूक कोणाकडेच नाही. आमच्याकडे आता दर शनिवारचा शेवटचा डाव लपाछपीचा असतो.

राहता राहिली शिट्टी. सर्व्हरला दुरून हुकूम देण्याचा एक परवलीचा शब्द असतो, त्याला 'आरकॉन पासवर्ड' म्हणतात. तो ज्याच्याकडे, त्याला सामना चालू असताना नियम बदलता येतात, कोणालाही बाहेर काढता येते, गुण पुसून पुन्हा सुरुवात करता येते. यात मोह आहे आणि तो मी अनुभवला आहे. म्हणून नियम सहाजणांनी बसून ठरवले, पुठ्ठ्यावर लिहून भिंतीला लावले, आणि मगच फाइलीत उतरवले. पासवर्ड दादांना दिला. ते खेळत नाहीत. गल्ल्याचा हिशेब करीत बसतात. कोणाची तक्रार असली तर पुठ्ठ्याकडे पाहून निवाडा देतात.

शेवटी मित्राला सांगितले की, मशीन हँग झाले नव्हते, मी बंद केले होते. "ठाऊक आहे," तो म्हणाला. शनिवारी तो आला.

पहिल्याच सामन्यात सहाजणांत माझा नंबर चौथा लागला. म्हणजे इतके दिवस माझ्या पहिल्या क्रमांकातील काही भाग माझा नव्हताच. तो टेबलाचा आणि वायरचा होता. हे पचायला थोडे जड गेले, खोटे कशाला बोलू? पण चौथा नंबर संपूर्ण माझा आहे.

त्या रात्री सामना रंगात असताना घरून वडिलांचा फोन आला. मी हेडफोन काढून शटरखालून वाकून बाहेर गेलो. पूर्वी मी असा उठलो असतो तर सगळ्यांचा खेळ बुडाला असता. या वेळी मी रस्त्यावर उभा राहून बोलत होतो आणि आतून पाचहीजणांचा आरडाओरडा ऐकू येत होता. "कसला दंगा चाललाय?" वडिलांनी विचारले. म्हटले, "खेळ चालू आहे."