पाण्याच्या उताराने पेठांची सायकलफेरी

पुण्याच्या जुन्या पेठांना उतार आहे. मोटारीत बसून लक्ष्मी रस्ता ओलांडणाऱ्याला तो दिसत नाही, पायी जाणाऱ्यालाही क्वचितच जाणवतो. सायकलवाल्याला मात्र तो पोटऱ्यांतून कळतो. शनिवारवाड्यापासून शिवाजी रस्त्याने मंडई आणि पुढे स्वारगेटच्या दिशेने निघालं की पायडल हळूहळू जड होतं. बाजीराव रस्त्याने परत फिरलं की तीच सायकल जवळजवळ आपसूक धावते. दक्षिणेला कात्रजचे डोंगर आणि उत्तरेला मुठेचं पात्र, या दोहोंमधल्या उतारावर अठराव्या शतकातलं पुणं वाढलं. शहराला पाणी मिळालं तेही याच उताराने.

रविवारी सकाळी जाणत्या मार्गदर्शकासोबत पेठांतून निघणाऱ्या सायकलफेऱ्यांकडे बहुतेक जण व्यायाम आणि वाडे पाहण्याची हौस म्हणून बघतात. माझ्या मते त्यांचं मोल याहून मोठं आहे. पेठा म्हणजे सुट्या वास्तूंची यादी नव्हे, ती पाणी, धंदा आणि वस्ती यांची एकमेकांत गुंतलेली रचना आहे. ती अखंड बघायची तर सायकलीचा वेग सर्वांत सोयीचा. चालत एका सकाळी दोन पेठा होतात. सायकलीवर सात-आठ किलोमीटरचा फेरा तीन तासांत होतो, आणि एक पेठ संपून दुसरी कुठे सुरू झाली हे नजरेतून सुटत नाही.

पेठ वसते कशी

कसबा ही सर्वांत जुनी वस्ती. शिवरायांचं बालपण जिथे गेलं तो लाल महाल इथलाच. जिजाऊंनी मंदिर बांधलेला कसबा गणपती आजही शहराचं ग्रामदैवत आहे. एप्रिल १६६३ मध्ये शाहिस्तेखानावर छापा पडला तो लाल महालातच. मात्र आज उभी असलेली इमारत महापालिकेने विसाव्या शतकात बांधलेली आहे, हे चांगला मार्गदर्शक फेरीच्या सुरुवातीलाच सांगतो. जुनं काय आणि जुन्याच्या आठवणीसाठी नव्याने उभारलेलं काय, हा फरक कळला की पुढचा प्रत्येक थांबा नीट पाहता येतो.

कसब्याभोवती पेठा एकेक करून वाढत गेल्या. औरंगजेबाने १७०३ साली वसवलेलं मुहियाबाद म्हणजे नंतरची बुधवार पेठ. बाजीरावाने १० जानेवारी १७३० रोजी शनिवारवाड्याचा पाया घातला आणि शहराच्या वाढीला जोर आला. शुक्रवार पेठ जिवाजीपंत खासगीवाल्यांनी वसवली, रास्ता पेठ रास्त्यांनी, नाना पेठ नाना फडणविसांनी. पद्धत ठरलेली होती. एका कर्त्या माणसाला सनद मिळे. तो व्यापारी, कारागीर आणि सावकार आणून बसवी. वस्ती जमेपर्यंत काही वर्षं करांत सूट असे आणि आठवड्याच्या ठरलेल्या वारी बाजार भरे. त्यामुळे प्रत्येक पेठेची ठेवण वेगळी झाली. रविवार पेठेच्या बोहरी आळीत आजही घाऊक माल हातगाड्यांवरून हलतो, तर सदाशिव पेठेत वाड्यांच्या ओळी आणि शाळा-क्लासांची वर्दळ. सायकलीवर हा बदल पाच मिनिटांत अंगावर येतो.

तांबट आळी

कसब्यातली तांबट आळी हा फेरीचा सर्वांत जिवंत थांबा. कामाच्या दिवशी गेलात तर आळी दिसण्याआधी ठोके ऐकू येतात. पेशवाईत आसरा मिळालेल्या त्वष्टा कासारांची ही वस्ती. घागरी, हंडे, कळशा, घंगाळं आणि पाणी तापवायचे बंब इथे घडत आले.

तांब्याचा पत्रा तापवून मऊ करायचा, ठोकून आकार द्यायचा, झाळून जोडायचा, घासून चकचकीत करायचा आणि मग मठारायचा. मठारणं म्हणजे हातोडीच्या नेमक्या ठोक्यांनी भांड्यावर एकसारख्या खळग्यांच्या ओळी उमटवत जाणं. ती निव्वळ सजावट नाही. तापवल्याने मऊ पडलेलं तांबं ठोक्यांनी पुन्हा कठीण होतं, भांड्याला ताकद येते आणि प्रत्येक खळगा उजेड परतवू लागतो. ओळ वाकडी गेली तर झाकता येत नाही, म्हणून हे काम हात बसलेल्या कारागिराकडेच जातं. स्टीलने घरातली तांब्याची भांडी मागे सारली. तेव्हापासून आळीतले कारागीर दिवे आणि शोभेच्या वस्तूही घडवू लागले. इथे थांबलात तर छायाचित्र काढण्याआधी विचारा आणि जमलं तर एखादं भांडं विकत घ्या. आळी टिकायची तर त्यांचा धंदा टिकायला हवा.

दगडात कोरलेली बातमी

कसब्यातून पूर्वेला निघून नागझरी ओलांडली की सोमवार पेठ लागते. नागझरी आज गटारासारखी वाहते, पण जुन्या पुण्याची ही पूर्वेकडची सीमा होती. तिच्या काठाशी त्रिशुंड गणपतीचं मंदिर आहे. भीमगिरजी गोसावी यांनी १७५४ मध्ये ते बांधायला घेतलं. मूर्तीला तीन सोंडा आहेत आणि वाहन मोर आहे. भिंतीवर संस्कृतबरोबर फारसी लेखही आहे.

दर्शनी भिंतीवरच्या एका शिल्पापाशी मार्गदर्शकाने सगळ्यांना सायकली लावायला सांगाव्यात. गोरा सैनिक गेंड्याला साखळीने बांधतो आहे, असं ते शिल्प आहे. १७५७ च्या प्लासीच्या लढाईनंतर इंग्रजांनी बंगाल ताब्यात घेतला, त्याचा हा उल्लेख असावा असं अभ्यासक मानतात. शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण चढायला तेव्हा कित्येक दशकं होती. तरीही पूर्वेकडे काय घडतंय याची खबर पुण्यातल्या एका कोरक्याच्या छिन्नीपर्यंत पोहोचली होती. जुन्या शहराचं जगाशी असलेलं नातं समजावून सांगायला याहून चांगली जागा पेठांत नाही.

कात्रजचं पाणी

आता पुन्हा त्या उताराकडे येऊ. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, १७५० च्या सुमारास, कात्रजला तलाव बांधून तिथलं पाणी जमिनीखालच्या बांधीव नळाने शहरात आणलं गेलं. माणूस आत शिरू शकेल एवढा तो नळ आणि लांबी सुमारे आठ किलोमीटर. पंप नाही, रहाट नाही, सगळं काम उताराचं. वाटेत ठरावीक अंतरावर उच्छ्वास बांधले होते. त्यांतून नळात कोंडलेली हवा बाहेर पडे, गाळ खाली बसे आणि पाण्याचा दाब आवरला जाई. शहरात आलेलं पाणी हौदांत पडे. काळा हौद, बदामी हौद, नाना हौद, सदाशिव पेठेचा हौद ही त्यांची नावं. शनिवारवाड्यातलं सोळा पाकळ्यांच्या कमळाचं हजारी कारंजं यंत्राशिवाय उडे, कारण पाण्याचा उगम वाड्यापेक्षा खूप उंचावर होता.

स्वारगेटला २०१९ मध्ये मेट्रोच्या कामासाठी खोदताना जमिनीखाली जुनी पाण्याची वाट उघडी पडली, तेव्हा ही व्यवस्था पायाखाली आहे हे अनेक पुणेकरांना पहिल्यांदा कळलं. काही हौद बुजले, काहींची नावं फक्त चौकांना उरली. फेरीत एखाद्या हौदापाशी थांबून त्या दिवशी पार केलेला चढ आठवून पाहिला, की अडीचशे वर्षांपूर्वीच्या बांधकाम करणाऱ्यांची जमिनीची जाण किती पक्की होती हे पटतं.

त्याच काळात आंबिल ओढ्याचा प्रवाहही वळवला गेला, पर्वतीच्या पायथ्याला तळं झालं आणि पेठांना वाढायला जागा मिळाली. सप्टेंबर २०१९ मध्ये याच ओढ्याला आलेल्या पुराने माणसं दगावली. जुन्या पुण्याच्या पाण्याचा इतिहास आजच्या पुणेकराच्या सुरक्षिततेशी असा थेट जोडलेला आहे.

पाणी कुणाचं?

हौदांचं कौतुक करून फेरी संपवली तर गोष्ट अर्धी राहते. पाणी शहरात आलं, पण ते सगळ्यांचं नव्हतं. जातीने अस्पृश्य ठरवलेल्यांना हौदाला हात लावायची मनाई होती. म्हणून गंज पेठेतला, म्हणजे आजच्या महात्मा फुले पेठेतला, फुले वाडा हा फेरीतला अनिवार्य थांबा असायला हवा. जोतीराव फुल्यांनी १८६८ मध्ये आपल्या घरचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. कात्रजचा नळ ही अभियांत्रिकीची मोठी कामगिरी होती. घरचा हौद खुला करणं हे त्या काळात त्याहून अवघड काम होतं, कारण त्यासाठी दगड-विटांशी नव्हे, आपल्याच शेजाऱ्यांशी झगडावं लागलं. त्यानंतर पाच वर्षांनी, २४ सप्टेंबर १८७३ रोजी, सत्यशोधक समाज स्थापन झाला.

तिथून बुधवार पेठेत आलं की दगडूशेठ गणपतीसमोर भिडे वाड्याची जागा लागते. सावित्रीबाई आणि जोतीराव यांनी १८४८ मध्ये मुलींची शाळा सुरू केली ती इथे. मोडकळीला आलेला वाडा राष्ट्रीय स्मारकासाठी डिसेंबर २०२३ मध्ये पाडण्यात आला. जवळच महात्मा फुले मंडई आहे. अष्टकोनी मनोऱ्याची ही इमारत १८८६ मध्ये गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने खुली झाली. पुढे आचार्य अत्रे नगरपालिकेत असताना तिला फुल्यांचं नाव मिळालं. इथे गाळ्यांमधून एक चक्कर मारून पोहे-चहा घ्यावा, कारण पुढचा टप्पा वाड्यांचा आहे.

उरलेलं आणि गेलेलं

दुसऱ्या बाजीरावाचा विश्रामबागवाडा म्हणजे पेशवाईच्या अखेरच्या काळातलं लाकूडकाम. सुरूच्या झाडाच्या आकाराचे खांब आणि रस्त्यावर झुकलेला नक्षीदार सज्जा अजून बघता येतो. १८२१ मध्ये इथे संस्कृत पाठशाळा सुरू झाली, तिचाच वारसा पुढे डेक्कन कॉलेजकडे गेला. नारायण पेठेतल्या केसरीवाड्यात टिळकांचं सार्वजनिक आयुष्य घडलं.

पण रस्त्याने जाताना दिसणाऱ्या वाड्यांपेक्षा न दिसणारे कितीतरी जास्त आहेत. शनिवारवाडा २७ फेब्रुवारी १८२८ ला पेटला आणि आग सात दिवस धुमसली. तट, दरवाजे आणि जोती तेवढी राहिली. १२ जुलै १९६१ ला पानशेत धरण फुटलं आणि नदीकाठच्या नारायण, शनिवार, कसबा पेठांतले मातीच्या भिंतींचे वाडे कोसळले. बाकीच्यांना गोठलेल्या भाड्याने आणि वाटण्यांनी खिळखिळं केलं. पावसात भिंत पडण्याच्या धास्तीने राहणाऱ्या भाडेकरूला पक्कं घर हवंच असतं, आणि ते मिळायलाही हवं. मात्र वाडा उतरवताना त्याचा दरवाजा, चौकाची मोजमापं, विहिरीची जागा यांची नोंद करायला काहीच आड येत नाही. ती नोंद होत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

फेरीला निघताना

सकाळी साडेसहाला निघावं, नऊनंतर रस्ते भरतात. दहा-बारा जणांपेक्षा मोठा गट गल्ल्यांत मावत नाही. पुढे मार्गदर्शक आणि शेवटी वाटा माहीत असलेला दुसरा माणूस हवा. लक्ष्मी, शिवाजी आणि बाजीराव हे तिन्ही रस्ते एकेरी, म्हणून फेरा त्या हिशेबाने आखावा. गिअरची सायकल लागत नाही, ब्रेक मात्र पक्के हवेत. लांबून येणाऱ्यांना मंडई आणि कसबा पेठ ही मेट्रो स्थानकं सोयीची. गल्ल्या-आळ्यांत लोकांची घरं आहेत, तेव्हा आवाज बेताचा ठेवावा.

एकेकाळी सायकलींचं शहर म्हणून पुण्याची ओळख होती. तासाच्या भाड्याने सायकल मिळे, कराचा बिल्ला लावावा लागे, दिव्याशिवाय किंवा डबलसीट जाणाऱ्याला पोलीस अडवत. आता रविवारची सकाळ सोडली तर पेठांत सायकल चालवणं जिवावरचं झालं आहे. म्हणून या फेऱ्या हौशी मंडळींपुरत्या राहू नयेत. महापालिकेने हौदांवर आणि उरलेल्या उच्छ्वासांवर वाचता येतील अशा पाट्या लावाव्यात. शाळांनी आठवी-नववीच्या मुलांना वर्षातून एकदा असा फेरा घडवावा. भूगोलातला उतार, विज्ञानातला पाण्याचा दाब आणि इतिहासातला समतेचा लढा त्यांना एकाच सकाळी, एकाच वाटेवर शिकता येईल. प्रत्येक थांब्यावर मुलांनी मार्गदर्शकाला दोनच प्रश्न विचारावेत: इथे पाणी कुठून येत होतं आणि ते कुणाला घेता येत होतं? ज्या शहराची मुलं हे प्रश्न विचारायला शिकतात, ते शहर आपला वारसा जपण्याच्या कामाला लागलेलं असतं.